तलावाच्या वाटेनं

टक्क असा आवाज झाला आणि मी आधी आतल्या खोलीकडे बघितलं. दोघं झोपलेली असतात तेव्हा एवढासा आवाजही माझ्या अंगावर पडल्यासारखा वाटतो. आतून काही हालचाल नाही. गोटूचा श्वास सर्दीनं घरघरत होता. भिंगरीचा ऐकू येत नव्हता, तिचा कधीच येत नाही. पहिल्या वर्षी तर मी उठून उठून तिच्या नाकाखाली बोट धरून बघायची. स्वयंपाकघरात गेले तर फ्रिजवरचं मॅग्नेट, मासोळीच्या आकाराचं, फरशीवर पडलेलं, आणि त्यानं धरून ठेवलेला आमच्या सहलीचा नकाशा अर्धा फ्रिजखाली सरकलेला. तीन आठवडे तो नकाशा त्या एका मासोळीवर तग धरून होता. आज सकाळी कामावर जाताना नवऱ्यानं त्याच्याखाली आणखी एक कागद सरकवला, जाड, शाळेच्या शिक्क्याचा. दाजींच्या शहरातल्या शाळेनं पाठवलेला. पहिलीच्या वर्गात प्रवेश निश्चित झाला आहे, विद्यार्थिनीनं सोमवारपासून हजर राहावं. विद्यार्थिनी आत पालथी झोपलेली, एक पाय पांघरुणाबाहेर, आणि तिला ह्यातलं काहीही माहीत नाही. दोन कागदांचा भार मासोळीला पेलला नाही, एवढंच झालं होतं. तरी मी फरशीवर बसून राहिले. उठावंसंच वाटेना.

परवा सकाळी निघायचं आहे. चौघं जाणार, तिघं परत येणार. हे वाक्य तीन आठवडे माझ्या डोक्यात फिरतं आहे आणि अजून एकदाही मी ते तोंडातून बाहेर पडू दिलेलं नाही. दाजी म्हणजे माझ्या नणंदेचे, ताईंचे, यजमान, भिंगरीचे बाबा. ताई गेल्या तेव्हा भिंगरी तीन वर्षांची होती, आणि दाजी असे कोसळले होते की स्वतःच्या बुटांच्या नाड्या बांधायचंही त्यांना सुचत नव्हतं. नाड्या लोंबत ठेवून ते आमच्या दारात उभे राहिले आणि पोर माझ्या हातात दिली. जरा सावरेपर्यंत राहू दे तुमच्याकडे, असं सगळे म्हणाले. माझ्या लग्नाला तेव्हा वर्षही झालं नव्हतं. मला भात धड जमत नव्हता, आणि ही पोर माझ्याकडे बघून म्हणाली, 'मामी, मला शू झाली.' आधी नाही, झाल्यावर. तिथून आम्ही दोघी सुरू झालो. गोटू झाला तेव्हा बायका मला शिकवायला आल्या, असं धर, तसं थोपट. मी मनात म्हणायची, मला येतं, माझं हे दुसरं आहे. सावरायला कुणाला किती दिवस लागतात ते तेव्हा कुणी विचारलं नाही, आणि खरं सांगायचं तर पुढे पुढे मीच मनातल्या मनात दाजींना न सावरायची मुभा देऊन टाकली होती. पण माणूस सावरतोच. गेल्या वर्षी त्यांनी लग्न केलं, चार माणसांत, साधंसं. आणि आता त्यांना त्यांची मुलगी हवी आहे. ह्यात कुणाचं काय चुकलं, सांगा बरं? मी कितीदा तरी शोधलं. एखादं चुकलेलं माणूस सापडलं असतं तर बरं झालं असतं.

एक ते तीन हे माझे तास. पोरं झोपतात आणि मी जेवणाच्या टेबलावर कंपनीचा लॅपटॉप उघडते. मी लोकांच्या सहलींचे आराखडे करते. लोक म्हणतात, चार-पाच दिवस आहेत, शहरं बघायची आहेत, जंगलही हवं, आणि प्रवास असा हवा की खिडकीबाहेर बघण्यासारखं काही असेल. मी ते सगळं त्या चार-पाच दिवसांत बसवते. ह्या कामाचे आडाखे असतात, ते कुठे लिहिलेले नाहीत. पहिल्या दिवशी शहर, कारण पहिल्या दिवशी पायांत जोर असतो आणि तक्रारींना अजून कंठ फुटलेला नसतो. तिसऱ्या दिवशी कुटुंबं भांडतात. का ते माहीत नाही, पण तिसऱ्याच दिवशी भांडतात, म्हणून त्या दिवशी पाणी घालायचं. तलाव, नदी, काहीच नसेल तर धरण. पाण्याकडे तोंड करून बसलं की माणसं एकमेकांकडे बघत नाहीत, आणि निम्मं भांडण तिथेच विरतं. शेवटच्या दिवशी डोळ्यांना काही द्यायचं नाही, माणूस तेव्हा मनानं घरी पोचून दिवे लावत असतो. आमची मालकीण म्हणते, 'तुझी गिऱ्हाइकं सुखात असतात गं, फक्त पोचतात उशिरा.' त्यातला एक आडाखा माझा स्वतःचा होता आणि त्याचा मला फार तोरा होता. कुणी नकोशा कामाला निघालं असेल, कोर्टात, इस्पितळात, गेलेल्या माणसाच्या खोल्या रिकाम्या करायला, तर वाटेत एक मुक्काम रानात किंवा पाण्याशी घालायचा. बायकोच्या ऑपरेशनला निघालेल्या एका म्हाताऱ्या शिक्षकांच्या वाटेत मी असाच एक धबधबा घुसवला होता. नंतर त्यांचं पत्र आलं. ऑपरेशनबद्दल एक अक्षर नाही, दोन्ही पानं धबधब्यावर. तेव्हापासून माझी समजूतच झाली, की कुठल्याही जागी गोड वाटेनं पोचता येतं.

म्हणूनच दाजींचा फोन आला त्या संध्याकाळी मीच म्हणाले, सोडायला म्हणून नको जायला. सहल करू. मोठं शहर, मग जंगल, मग तलाव, मग ती डोंगरातली गाडी, आणि गाडी उतरते तिथे दाजींचं शहर. पाचव्या दिवशी परत. बोलता बोलता मी हातवारेही करत होते, गिऱ्हाइकांपुढे करते तसे.

'आणि तिला सांगायचं कधी?' नवऱ्यानं विचारलं.

'तलावावर.'

'तलावावर,' तो म्हणाला. तो लिफ्ट दुरुस्त करतो. दोन मजल्यांच्या मध्ये अडकलेल्या माणसांशी दाराच्या फटीतून बोलायची त्याला सवय आहे. 'अगं, अडकलेल्या माणसाला आधी सांगायचं असतं की बाबा रे, तू अडकलायस. आधी त्याला गाणी नाही ऐकवायची.'

'ती कुठे अडकली आहे?'

'तिच्याबद्दल नाही बोलत मी.'

तो ताईंचा भाऊ. भिंगरीच्या हनुवटीत ताईंची खळी आहे, आणि तो तिच्याशी बोलताना त्या खळीकडे बघतो, हे मी कधी त्याला दाखवून दिलेलं नाही. त्या दिवशी त्यानं भांडी घासली, आधीच घासलेली. मला वाटलं, आता हा म्हणेल, नको पाठवू या. मी वाट बघत राहिले. तो म्हणाला, 'दाजी चांगले आहेत गं.' मी म्हटलं, 'हो, चांगलेच आहेत.' आणि आम्ही दोघं ह्या चांगुलपणापुढे हात टेकून बसलो.

मग मी त्याहून मोठी चूक केली. गिऱ्हाइकांना मी नकाशावर खुणा करायला लावते. माणसानं स्वतः खूण केली की ती जागा त्याची होते, नंतर कुरकुर करत नाही. घरीही मी तेच केलं. भिंगरीला मांडीवर घेतलं, नकाशा पसरला, चिकटवायच्या चित्रांचं पाकीट दिलं आणि म्हटलं, तू ठरव. तिनं कसं ठरवलं ते मला अजून शब्दन् शब्द आठवतं. मोठ्या शहरातल्या संग्रहालयात देवमाशाचा सांगाडा आहे असं सांगितलं, तर म्हणाली, 'त्याचं बाकीचं कुठे गेलं?' आणि उत्तराची वाट न बघता तिथे चित्र चिकटवलं. जंगलावर घुबड. तलावावर बोट, पायानं चालवायची, तीत मामा आणि ती पुढे, मी आणि गोटू मागे, 'कारण गोटूचे पाय काही कामाचे नाहीत.' डोंगरातल्या गाडीला सतरा बोगदे लागतात हे कळल्यावर तर ती उभीच राहिली. 'सतरा वेळा रात्र! आणि सतरा वेळा सकाळ! मामी, मग माझा वाढदिवस येऊन जाईल!' शेवटी पाकिटात एकच चित्र उरलं, सगळ्यांत मोठं, सोनेरी चांदणी. ती तिनं दाजींच्या शहरावर लावली आणि अंगठ्यानं दाबून दाबून बसवली. 'इथे बाबा आहेत ना, म्हणून मोठी.' शाब्बास, मी म्हटलं. खरंच म्हटलं. आपल्याला जिथे ठेवून येणार आहेत ती जागा पोरीनं स्वतःच्या अंगठ्यानं पक्की केली, आणि मी तिला शाब्बास म्हटलं.

दाजींना वाटेचं सांगितलं तेव्हा ते म्हणाले, 'अहो, थेट गाडी आहे की. सात तासांत पोचाल.' मी म्हटलं, 'हो, पण म्हटलं पोरांना जरा तलाव वगैरे.' 'हो हो, बघा की तलाव,' ते घाईनं म्हणाले, आपण एखाद्याच्या वाट्याचं काही मागून बसलो आहोत अशा आवाजात. ते दर तीन-चार महिन्यांनी येत. येताना फ्रॉक आणत, आणि तो दर वेळी एक माप लहान असे. मागच्या खेपेला बघितलेली मुलगी मनात धरून ते दुकानात जात असणार. भिंगरी तो फ्रॉक कसाबसा डोक्यातून घालायची, काखेत काचायचा, आणि हात वर करून त्यांच्यासमोर गोल फिरायची. ते गेल्यावर म्हणायची, 'मामी, काढ लवकर.' असे नऊ फ्रॉक कपाटात आहेत. काल ते बॅगेत भरायचे की नाही ह्याच्यावर मी अर्धा तास घालवला. न भरावेत तर इथे ते बघत बसणार कोण. भरले तर ते बाहेर काढताना दाजींना कळेल. मी भरले.

आणि ती बाई. दाजींची बायको. तिनं वाईट असावं अशी मी किती इच्छा धरली होती. ती परिचारिका आहे, लहान मुलांच्या विभागात, आता बोला. मागच्या आठवड्यात तिनं फोन केला. 'वहिनी, मी वहीत लिहून घेते हं, हसू नका. दूध कसं लागतं?'

'कोमट. साय काढून. साय दिसली तर पेला खाली ठेवते.'

'वेण्या?'

'दोन. भांग जरा डावीकडून. उजवीकडे भोवरा आहे, तिथे कंगवा अडकतो, मग रडते.'

'भीती कशाची?'

'मिक्सरची. आणि फुग्यांची. फुटायच्या आधीच भिते.'

ती लिहीत होती, पेनचा आवाज येत होता. मी सांगत गेले, आणि सांगता सांगता मला कळलं की मी किती श्रीमंत आहे. मग तिनं विचारलं, 'झोपताना काही लागतं का? बाहुली, पांघरूण, काही?' आणि मी म्हटलं, 'नाही. पडली की झोपते.'

हे खोटं आहे. भिंगरीला झोपताना माझ्या कानाची पाळी लागते. पहिल्या रात्री ती रडून रडून माझ्या अंगावर पडली होती, तिचा हात माझ्या गळ्यावरून चाचपडत वर गेला आणि कानाशी थांबला. ताईंचं तिला काय आठवलं असेल ते देव जाणे. दुसऱ्या दिवसापासून मी कानातलं घालणं सोडलं. पाळी ती ओढत नाही, दोन बोटांत धरून कुरवाळते, कापडाची जात बघावी तशी, आणि बोटं सैल पडली की समजायचं, झोपली. गोटू पोटात असताना, मळमळत असताना, नवऱ्याशी भांडून भिंतीकडे तोंड करून पडलेली असतानासुद्धा माझा एक कान तिच्या बाजूला असायचा. हे मी त्या बाईला सांगितलं नाही. बाकी सगळं दिलं, वेण्या, साय, फुगे. ही एक गोष्ट मुठीत धरून ठेवली. तेव्हापासून आठ दिवस मी स्वतःकडे नीट बघितलेलं नाही. कारण माझ्या मुठीत काय राहिलं? तिकडे एक पोर रात्री अंधारात हात वर करून चाचपडणार, आणि शेजारी झोपलेल्या चांगल्या बाईला ते का हे कळणार नाही. एवढंच राहिलं.

शाळेत नेहमी बाई म्हणायच्या, 'भिंगरी, चल, तुझी आई आली.' आणि ती दप्तर ओढत, न थांबता, दर वेळी दुरुस्त करायची, 'आई नाहीये, मामी आहे. आई वेगळी असते.' इतक्या ठामपणे, की बाई ओशाळायच्या. मला वाईट वाटत नव्हतं असं नाही. पण मामी हा शब्द ती असा उच्चारायची की त्यात कमी काही नसायचं, ते एक वेगळंच, भक्कम नातं असल्यासारखं, बाकीच्या पोरांकडे नसलेलं. घरी येताना विचारायची, 'तुला मामी आहे का?' मी म्हणायची, नाही गं, मला मामाच नव्हता. 'अरेरे,' ती म्हणायची, आणि रस्ता ओलांडेपर्यंत माझा हात जरा जास्तच घट्ट धरायची.

फरशी गार लागायला लागली तेव्हा मी उठले. शाळेचा कागद ड्रॉवरमध्ये टाकला, नकाशा झटकून टेबलावर ठेवला. पावणेतीन वाजले होते. एका मुख्याध्यापकांच्या सहलीचा आराखडा आजच पाठवायचा होता, तो उघडला, आणि त्यांच्या तिसऱ्या दिवसाच्या रकान्यात तलाव लिहायला गेले तर हात चालेना. मला दिसलं ते एवढंच: पायानं चालवायची बोट, मध्यावर गेलेली, सगळीकडे पाणी, आणि भिंगरी पुढे बसलेली. मी मागून सांगणार. तिला कुठे पळूनही जाता येणार नाही. उतरून दार आपटता येणार नाही. आणि त्यानंतर तिच्या आयुष्यात जेव्हा जेव्हा तलाव येईल तेव्हा तो हाच असेल. मी तिला तलाव दाखवायला नव्हते नेत. ती मला रडताना दिसू नये, पाठमोरी असावी, म्हणून पाणी शोधलं होतं. माझ्या सगळ्या आडाख्यांच्या तळाशी एवढंच होतं की काय, कुणाचा चेहरा बघावा लागू नये. नवरा बरोबर होता. आजच सांगायला हवं, घरात, जमिनीवर बसून, समोरासमोर, जिथून तिला उठून दुसऱ्या खोलीत जाऊन पालथं पडता येईल अशा ठिकाणी.

आणि त्याच्या आधी दुसरं एक करायला हवं होतं. मी फोन घेतला आणि त्या बाईला लिहिलं: 'एक सांगायचं राहिलं. झोपताना तिला कानाची पाळी लागते. जवळ झोपणाऱ्याची. कानात काही घालू नका.' पाठवलं. एखादा दागिना उतरवून द्यावा तसा कान हलका झाला, खरंच झाला, मी हात लावून बघितला. वाटलं, राग येईल तिला, विचारेल आधी का नाही सांगितलंत. उत्तर लगेच आलं. तिनं विचारलं होतं, 'कोणत्या हातानं धरते? म्हणजे मी कुठल्या कुशीवर झोपू?'

मी तोंडात पदर कोंबावा तसा टेबलपुसणीचा कपडा कोंबला, त्याला कांद्याचा वास येत होता. मग लिहिलं, 'उजव्या.' एवढंच लिहिता आलं.

'मामी, तू फडकं का खातेस?'

ती दारात उभी होती, एक वेणी सुटलेली, गालावर उशीची घडी उमटलेली. मी म्हटलं, 'खात नाहीये, तोंड पुसतेय.' 'कशानंही पुसतेस,' ती म्हणाली, माझ्याच सुरात, आणि खुर्चीवर चढली. कंपनीच्या रद्दी कागदांचा गठ्ठा तिनं जवळ ओढला, कोरी बाजू वर केली आणि मोडक्या तपकिरी खडूनं चौकोन आखायला लागली. एक, दोन, तीन, चार, पाच. मी काम करताना ती शेजारी बसून बघते. दिवस म्हणजे चौकोन, हे तिला पाठ आहे. 'मी पण आराखडा करतेय. तुझ्यात नुसती अक्षरं असतात, कुणाला कळत नाही.' पहिल्या चौकोनात हाडंच हाडं. दुसऱ्यात झाडं आणि डोळे. प्रत्येक चौकोनात आम्ही चौघं, मामाला लांबच लांब पाय, मला पिशवी, गोटू म्हणजे एक गोळा आणि त्याला नाक, आणि ती स्वतः सगळ्यांत मोठी, दोन्ही वेण्या आडव्या ताठ. तिसऱ्यात बोट. चौथ्यात काळे ठिपके, मोजून सतरा, आणि दारात उभे असलेले बाबा, त्यांच्या बुटांना तिनं नीट फुलं काढून नाड्या बांधल्या होत्या.

मी खुर्चीवरून उतरून तिच्यासमोर जमिनीवर बसले. तिचा लोंबता पाय हातात घेतला, तो झोपेनं उबदार होता. 'भिंगरी,' मी म्हटलं, 'एक सांगायचंय तुला. इकडे बघ ना जरा.'

'थांब गं, घरी यायचं राहिलंय.' पाचव्या चौकोनात ती गाडी काढत होती. जीभ बाहेर आलेली. तिनं खिडक्या केल्या, मोठ्या मोठ्या, बोगद्यांची गाडी म्हणून. पहिल्या खिडकीत मामा बसवला, पाय न मावल्यामुळे दुमडून. दुसरीत मी, मांडीवर पिशवी. तिसरीत गोटू, नाकासकट. तिथे कागदाची कड आली. खडू हातात धरून ती बघत राहिली, मान तिरकी करून, गाडी पुढून, मागून. वर बघितलं, टपावर, आणि ते तिला पसंत पडलं नाही. मी तिचा पाय धरलेलाच होता. सांगायचं वाक्य तोंडात तयार होतं, पहिला शब्दसुद्धा ठरलेला होता.

ती माझ्याकडे वळली. रागावली नव्हती, घाबरलेलीही नव्हती. एखादी अडचण आली की माझ्याकडे बघते तशीच, मामी काहीतरी बसवून देईल अशा खात्रीनं.

'मामी,' ती म्हणाली, 'गाडी तर भरली. आता मी कुठे बसू?'